शालजोडीतले

मुंबई-गोवा महामार्गावर नागोठणे सोडलं की सुकेळी खिंड लागते. खिंड उतरून गाडी सपाटीला आली की रोहा तालुक्यातलं खांब येतं आणि त्याच्या पुढे कोलाड. या पट्ट्यात चहाच्या टपरीवर थोडा वेळ बसलं तरी बरंच वाचून होतं, कारण समोरून जाणारं बहुतेक प्रत्येक वाहन काहीतरी बोलत असतं. ट्रकच्या पाठीवर आईवडिलांचा आशीर्वाद असतो, टेम्पोवर गावदेवीची कृपा असते आणि एखाद्या चिमुकल्या मालवाहू गाडीवर ‘बघतोस काय रागानं, ओव्हरटेक केलंय वाघानं’ अशी डरकाळी असते. टपरीच्या आत बरणीच्या वर पाटी लावलेली असते : ‘आज रोख, उद्या उधार’.

ही पाटी इतकी नेहमीची आहे की तिच्यातली करामत आपल्या लक्षात येत नाही. दुकानदाराला सांगायचंय, उधारी मिळणार नाही. पण समोरचं गिऱ्हाईक गावातलं असतं, कधी भावकीतलं असतं, संध्याकाळी त्याच्याशेजारीच भजनाला बसायचं असतं. तोंडावर ‘नाही’ म्हटलं तर माणूस तुटतो. म्हणून दुकानदार नाही म्हणतच नाही, तो उद्याचं वचन देतो. हे उद्या कधी उजाडणार नाही हे दोघंही जाणतात, गिऱ्हाईक हसतं आणि खिशात हात घालतं. पैसे वसूल झाले आणि संबंधही राहिले.

फिलिपिन्समधल्या मनिला शहरात हेच काम जीपनी करते. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकी सैन्याने मागे सोडलेल्या जीपगाड्या तिथल्या कारागिरांनी लांबवल्या, रंगवल्या आणि प्रवासी वाहतुकीला लावल्या. आपल्याकडच्या पेण-अलिबाग मार्गावरच्या मिनीडोरची ही थोरली बहीणच. जीपनीत प्रवासी समोरासमोर बसतात आणि भाड्याचे पैसे हातोहात पुढे सरकवत ड्रायव्हरपर्यंत पोचवतात. यात कुणी पैसे न देता उतरून जायची सोय भरपूर. त्यावर ड्रायव्हरने शोधलेला इलाज म्हणजे एक पाटी : ‘गॉड नोज हूदास नॉट पे’. हूदास म्हणजे येशूचा विश्वासघात करणारा ज्यूडास. तिथल्या टागालोग भाषेच्या उच्चारात त्याचं नाव इंग्रजीतल्या ‘कोण पैसे देत नाही’ या शब्दांशी बरोबर जुळतं. चोर कोण ते देवाला माहीत आहे, असं ड्रायव्हर म्हणतो आणि कुणाकडे बोटही दाखवत नाही. शेजारीच दुसरी पाटी असते, सकाळच्या वेळी कृपा करून सुटे पैसेच द्या. सुट्ट्यांवरून रोज सकाळी एसटीच्या कंडक्टरशी होणारी आपली बोलाचाली आठवली की ती पाटी भाषांतराविनाच कळते.

गावात किंवा दाटीच्या वस्तीत राहणाऱ्या माणसांना एकमेकांशी भांडण परवडत नाही, हे या सगळ्याच्या मुळाशी आहे. पेण आणि अलिबागच्या खारेपाटात हे फार स्पष्ट दिसतं. तिथली भातशेती समुद्राच्या पाण्यापासून बांध राखून करायची. बंदिस्तीला एका ठिकाणी खांड गेली की खारं पाणी एकट्याच्या शेतात थांबत नाही, शेजाऱ्याच्या आणि त्याच्याही शेजाऱ्याच्या शेतात शिरतं. दुरुस्तीला सगळ्यांचे हात लागतात. ज्याच्याशी सकाळी वाद झाला त्याच्याच खांद्याला खांदा लावून दुपारी चिखल ओढायचा, अशा जगण्यात राग गिळून टाकता येत नाही आणि सरळ ओकताही येत नाही. मग तो चिमट्यात पकडून, हसत हसत द्यावा लागतो. मराठीत याला शालजोडीतले देणं म्हणतात. मला वाटतं, आपल्या म्हणींतला आणि रोजच्या बोलण्यातला विनोद समजून घ्यायचा तर तो करमणूक म्हणून बघण्याआधी एक कामाची वस्तू म्हणून बघायला हवा.

म्हणींचे संग्रह मात्र आपल्याला ही बाजू दाखवत नाहीत. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश १८३१ साली निघाला, त्याची वाढवलेली आवृत्ती १८५७ साली आली आणि त्यात शब्दांच्या पोटात शेकडो म्हणी आल्या. १८९९ साली आल्फ्रेड मॅनवेअरिंग या मिशनऱ्याने मराठी म्हणींचा स्वतंत्र संग्रह ऑक्सफर्डहून प्रसिद्ध केला. पुढे य. रा. दाते आणि चिं. ग. कर्वे यांनी ‘महाराष्ट्र वाक्संप्रदाय कोश’ दोन भागांत सिद्ध केला. पहिला भाग १९४२ चा, दुसरा १९४७ चा. टागालोगचीही वाट अशीच आहे. १७५४ साली मनिलात छापलेल्या नोसेदा आणि सानलूकार या पाद्र्यांच्या कोशात लोकांची कोडी आणि वचनं नोंदलेली आहेत. मॅनवेअरिंगच्या दहाच वर्षं आधी, १८८९ साली, फिलिपिन्सचे राष्ट्रनायक होसे रिझाल यांनी लंडनच्या एका नियतकालिकात टागालोग म्हणी आणि कोड्यांचे नमुने छापले. स्पेनच्या राज्यात राहणाऱ्या आपल्या लोकांना स्वतःचं शहाणपण आहे, हे त्यांना जगाला दाखवायचं होतं. सात वर्षांनी स्पॅनिश सरकारने त्यांना गोळ्या घातल्या. म्हणी गोळा करण्यामागे असा स्वाभिमानही असू शकतो, याची ही आठवण मला मोलाची वाटते.

दोन्हीकडचे संग्रह शेजारी ठेवले की गंमत सुरू होते. अंथरूण पाहून पाय पसरावे, असं आपण म्हणतो. टागालोग माणूस म्हणतो, पांघरूण आखूड असेल तर अंगाची मुटकुळी करायला शिक. आपला बैल जातो आणि मग आपण झोपा करतो, म्हणजे गोठ्याचं दार बसवतो. त्यांचा घोडा मरतो आणि मग गवत येतं, तेव्हा ते विचारतात, आता या गवताचं काय करू? ‘दे रे हरी खाटल्यावरी’ म्हणणारा आपला आळशी तिथे हुआन तामाद या नावाने वावरतो. पेरूच्या झाडाखाली तोंड उघडं ठेवून तो निजलेला असतो, पेरू पिकून आपोआप तोंडात पडावा म्हणून. पण कोशातल्या ओळीवरून एक गोष्ट कळत नाही : हे कोण कुणाला, कुठल्या वेळी म्हणालं? घोड्याची म्हण उशिरा पैसे पाठवणाऱ्या मुलाला म्हातारी म्हणते, तेव्हा तिच्यात एक धार असते. तीच म्हण शाळेच्या फळ्यावर सुविचार म्हणून लिहिली की बोथट होते.

मराठीने हे तंत्र स्वतःच एका म्हणीत बांधून ठेवलंय : लेकी बोले सुने लागे. ऐकणारी एक, लागणारी दुसरी. सासू हे लेकीला म्हणते, लेक काही बोलत नाही कारण तिला ठाऊक असतं की बाण तिच्यासाठी नाही, आणि सुनेला उत्तर देता येत नाही कारण तिला कुणी काही म्हटलेलंच नसतं. तिघींच्या मधून एक वाक्य कुणालाही न अडवता निघून जातं. सुनाही काही कमी नसतात. भांडी घासताना मांजराला बोलणं किंवा दारातल्या कोंबडीवर ओरडणं, हा त्यांचा परतीचा मार्ग.

कोकणातल्या म्हणी कोकणातच नीट पिकतात, असाही अनुभव येतो. भात हे जिथलं मुख्य पीक तिथे ‘शितावरून भाताची परीक्षा’ ही चुलीवरची रोजची कृती आहे. पळीने एक शीत काढून बोटात दाबायचं आणि हंडीभर भात शिजला की नाही ते ठरवायचं. ‘असतील शिते तर जमतील भुते’ ही म्हण गावच्या पंक्तीत पुढाऱ्याच्या मागेपुढे करणाऱ्यांकडे बघत हळूच म्हटली जाते, तेव्हा ऐकणाऱ्याला भूत कोण आणि शीत कुणाचं हे सांगावं लागत नाही.

पेणमध्ये अशीच एक म्हण आपल्या माहेरी भेटते. ‘करायला गेलो गणपती, झाला मारुती’ असं आपण फसलेल्या कुठल्याही कामाला म्हणतो. पेण, हमरापूर, जोहे या भागात गणेशमूर्तींचे शेकडो कारखाने आहेत आणि तिथून मूर्ती महाराष्ट्रभर आणि परदेशातही जातात. कारखान्यात उभं राहून बघितलं की म्हण डोळ्यांसमोर घडते. साच्यातून काढलेली ओली मूर्ती हाताळताना सगळ्यांत नाजूक जागा सोंडेची. अंग भरीव, पोट भरीव, पाट भक्कम, पण सोंड पुढे आलेली. धक्का लागून ती तुटली तर मधे उरतो तो फुगीर गालांचा, बसक्या नाकाचा चेहरा आणि क्षणभर समोर मारुतीच दिसतो. मग माती लावून जोड द्यायची, पाण्याच्या बोटाने सांधा मिटवायचा, सुकू द्यायचं. डोळ्यांची आखणी तर शेवटी आणि मुरलेल्या हाताकडेच. नवशिक्या पोराच्या हातून सोंड गेली तर म्हातारा कारागीर ओरडत बसत नाही, ‘जय बजरंगबली’ एवढंच म्हणतो. सगळा कारखाना हसतो, पोरगं लाजतं आणि पुढची मूर्ती दोन्ही हातांनी धरतं. रागावून सांगितलेलं विसरलं जातं, पण असं हसून सांगितलेलं विसरत नाही.

आता या रायगड जिल्ह्याच्या नावावर असलेल्या सर्वांत प्रसिद्ध वाक्याकडे वळतो. ‘मी काय अलिबागहून आलोय का?’ मुंबईच्या लोकलपासून विधिमंडळाच्या आवारापर्यंत हे वाक्य ऐकू येतं. अर्थ एवढाच की मला भोळा समजू नका. अलिबागच का, याचं उत्तर समुद्रात आहे. रस्ते झाले नव्हते तेव्हाही रेवस आणि मांडव्याहून गलबतं, पडाव, पुढे बोटी मुंबईला लागत. भाजी, मासळी, भात, नारळ घेऊन आलेला माणूस धक्क्यावर उतरला की मुंबईकराला भेटणारा पहिला ‘गावचा’ तोच. शहराच्या इतक्या जवळ, रोज समोर दिसणारं हे खेडं. जवळच्याचीच थट्टा होते.

ज्याची अशी थट्टा होते त्या अलिबागला कान्होजी आंग्र्यांचं आरमार होतं. तिथल्या चुंबकीय वेधशाळेची कथा तर मुद्दाम सांगण्याजोगी आहे. मुंबईत विजेच्या ट्राम येणार म्हटल्यावर कुलाब्याच्या वेधशाळेतली चुंबकीय मोजमापं बिघडणार हे स्पष्ट झालं आणि १९०४ साली ते काम अलिबागला हलवलं गेलं. पृथ्वीच्या चुंबकत्वाची नोंद तिथे आजही होते. म्हणजे जिथून आल्याबद्दल माणसाला अडाणी ठरवतात, तिथली उपकरणं गेली शंभरहून अधिक वर्षं मुंबईपेक्षा अचूक आकडे देत आहेत.

हे वाक्य अपमानकारक आहे, त्यावर बंदी घालावी, अशी मागणी करणारी जनहित याचिका मुंबई उच्च न्यायालयात गेली. जुलै २०१९ मध्ये मुख्य न्यायमूर्ती प्रदीप नंदराजोग आणि न्यायमूर्ती नितीन जामदार यांच्या खंडपीठाने ती फेटाळली. असे विनोद प्रत्येक समाजावर होतात, त्याचा राग मानू नका, मजा घ्या, असा न्यायालयाचा सूर होता. निकाल मला योग्य वाटतो, कारण बोलण्यावर बंदी घालून बोलणं थांबत नाही. तरी याचिका करणाऱ्याची खंतही मला खरी वाटते. मुंबईत नोकरीला गेलेल्या तरुणाला पहिल्याच दिवशी कचेरीत हे वाक्य ऐकावं लागलं तर त्याने काय करायचं? इकडच्या लोकांनी त्यावर काढलेला तोडगा न्यायालयापेक्षा जुना आहे. ‘हो, अलिबागहूनच आलोय, बोला काय काम आहे?’ असं शांतपणे म्हटलं की समोरच्याची वाफ निघून जाते. टोमणा आपल्याच अंगावर घालून मिरवला की तो टोमणा राहत नाही.

अशा चिमट्यांच्या बोलण्याला खरी रंगत येते ती थंडीत, पोपटीला. रायगडाबाहेरच्या वाचकासाठी कृती सांगतो. भात निघाल्यावर त्याच शेतात वाल पेरतात आणि शेंगा भरल्या की पोपटीचा मोसम सुरू होतो. मातीच्या मडक्यात तळाला आणि कडेने भांबुर्डीचा पाला लावायचा. तो शेताच्या बांधावर आपोआप उगवतो आणि त्याला एक वेगळाच उग्र वास असतो. त्यावर वालाच्या शेंगा, जाडं मीठ, ओवा, मध्ये अंडी किंवा मसाला लावलेली कोंबडी, कांदे, बटाटे, पुन्हा शेंगा, आणि शेवटी पाल्याचं घट्ट बूच. पाण्याचा थेंब नाही, तेल नाही. मडकं पालथं ठेवून भोवती पेंढा, काटक्या, गोवऱ्या रचायच्या आणि पेटवून द्यायचं. अर्ध्या तासाच्या आसपास गरम मडक्यावर पाण्याचा हबका मारायचा. चर्र आवाज आला आणि पाणी झटकन उडून गेलं की पोपटी झाली.

तो अर्धा तास बोलण्याचा. जाळ मोठा करण्यावरून, कुणी किती लाकडं आणली यावरून, कुणाच्या वालाला कीड लागली यावरून सुरुवात होते. मूठभर काटक्या घेऊन आलेल्या पोराला कुणी थोरला विचारतो, ‘बाला, काटक्या जालाला आनल्यास का दात कोराला?’ पोरगा पण गप्प बसत नाही, ‘दादूस, तुजं दात हायत कवरं?’ म्हणतो. इथे वयाचा मान मोडत नाही. थोरल्याने खोडी काढली म्हणजे त्याने उत्तराची परवानगी दिली, हा न लिहिलेला नियम सगळे पाळतात. महामार्गाचा विषय निघाल्याशिवाय राहत नाही. पनवेल ते इंदापूर या ८४ किलोमीटरच्या टप्प्याचं रुंदीकरण २०११ साली सुरू झालं आणि ते वर्षानुवर्षं रेंगाळलं. या काळात शाळेत गेलेली मुलं नोकरीला लागली. गणपतीला येणाऱ्या चाकरमान्यांना दर वर्षी रस्त्यात खड्डे की खड्ड्यात रस्ता, हा प्रश्न सोडवावा लागला. अपघात झाले, माणसं गेली. त्या दुःखावर कुणी विनोद करत नाही. विनोद होतो तो तारखांवर, आश्वासनांवर, ‘पुढच्या गणपतीपर्यंत’ या शब्दांवर. इथे हसण्याला पक्कं ठाऊक असतं की कुणावर हसायचं आणि कुणावर नाही.

हे भान आपल्या सगळ्या म्हणींना होतं असं मात्र म्हणता येत नाही. ‘गुरवाचे लक्ष नैवेद्यावर’, ‘भटाला दिली ओसरी, भट हातपाय पसरी’ या म्हणी ज्याच्या हाती काही अधिकार आहे, पोथी आहे, त्याला चिमटा काढतात. पण जुन्या कोशांत खालच्या मानलेल्या जातींना, विधवांना, काळ्या रंगाच्या मुलींना, अपंगांना हिणवणाऱ्या म्हणीही रांगेने उभ्या आहेत. जाळाभोवती बसलेल्या थोरल्याला पोरगा उलट बोलू शकतो. या म्हणी ज्यांच्यावर होत्या त्यांना मात्र बोलणाऱ्याला उत्तर द्यायची सोयच नव्हती. त्या बोलण्यातून गळून पडत आहेत याचं मला समाधान आहे. कोशात त्या राहाव्यात, कारण आपण काय होतो याचा तो पुरावा आहे. पंगतीत आणि वर्गात त्यांची गरज नाही.

उत्तराची सोय बायकांनी स्वतः करून घेतली ती लग्नात. नवऱ्याचं नाव उच्चारायचं नाही हा जुना दंडक, आणि लग्नात मात्र चारचौघांसमोर नाव घ्यायचं ही रीत. या दोन्हींच्या फटीतून उखाणा आला. एरवी नाव टाळणारी बाई तेवढ्यापुरती यमकात बांधून ते नाव सगळ्यांसमोर ठणकावून घ्यायची आणि जमलंच तर त्यात सासूच्या करारीपणाची किंवा नवऱ्याच्या आळसाची नोंदही करून टाकायची. सरोजिनी बाबर यांनी लोकसाहित्य समितीच्या कामातून बायकांच्या अशा तोंडी वाङ्मयाचे संग्रह काढले, म्हणून ते आज वाचायला मिळतं.

आगरी आणि कोळी लग्नांत याहून पुढची गोष्ट आहे, धवलारीण. ही बाई धवले, म्हणजे लग्नविधींची गाणी, गाते आणि जुन्या रीतीत लग्नाचे विधीही तीच चालवते. मांडव, हळद, तेल, प्रत्येक पायरीला तिचं गाणं ठरलेलं असतं. हळदीच्या रात्री बायकांचा आवाज चढला की समोरच्या पक्षाची खैर नसते. त्यांनी आणलेली साडी पातळ निघते, दागिना हलका निघतो, वऱ्हाडी भुकेले निघतात, वराची आई नवऱ्या मुलापेक्षा जास्त नटलेली निघते. व्याही आणि विहीण समोर बसून हे ऐकतात, हसतात आणि लगेच त्यांच्या बाजूच्या बायका परतफेड सुरू करतात. दोन घरं अजून एकमेकांना पुरती ओळखत नसतात, देण्याघेण्याच्या कुरबुरी मनात असतात, आणि त्या उद्या भांडणाच्या रूपात यायच्या आधीच आज गाण्यातून बाहेर पडतात. आता डीजेच्या आवाजात हळदीच्या रात्री धवलारीण क्वचित ऐकू येते, धवले जाणणाऱ्या म्हाताऱ्या बायका थोड्याच उरल्या आहेत आणि धवले बहुतांशी त्यांच्या तोंडीच आहेत. ज्यांच्या घरात अशी आजी आहे त्यांनी तिच्याकडून धवले तर उतरवून घ्यावेतच, पण कुठलं गाणं कुणाकडे बघून म्हटलं आणि त्यावर समोरून काय उत्तर आलं, तेही विचारून लिहून ठेवावं.